जॅन्जुसीटस, दात असलेला बलीन देवमासा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जॅन्जुसीटस म्हणजे नेमका कोण?

सुमारे अडीच कोटी वर्षांपूर्वी ऑस्ट्रेलियाच्या दक्षिण किनाऱ्यालगतच्या समुद्रात राहणारा आणि आता नामशेष झालेला एक छोटा देवमासा. त्याचं पूर्ण शास्त्रीय नाव जॅन्जुसीटस हंडरी. तोंड आखूड आणि रुंद, डोळे मोठे, जबड्यात धारदार दात. पण वंशावळीत तो डॉल्फिनच्या बाजूला बसत नाही, तर निळा देवमासा, हम्पबॅक आणि राइट देवमासा यांच्या बाजूला बसतो. आज या बाजूच्या एकाही प्रौढ देवमाशाच्या तोंडात दात नाहीत. सगळे बलीनने पाणी गाळून पोट भरतात. त्यामुळे जॅन्जुसीटसचं वर्णन प्रसिद्ध झालं तेव्हा या विषयातल्या लोकांनाही बऱ्याच गोष्टी नव्याने तपासाव्या लागल्या.

बलीन म्हणजे काय?

वरच्या जबड्यातून खाली लोंबणाऱ्या लवचीक पट्ट्यांची रांग. या पट्ट्या केराटिनच्या असतात, म्हणजे आपली नखं आणि केस ज्या पदार्थाचे असतात त्याच्याच. पट्ट्यांची आतली कड झिजून तिचे केसांसारखे तंतू सुटतात आणि ते एकमेकांत गुंततात. देवमासा तोंडभर पाणी घेतो, ते या चाळणीतून बाहेर ढकलतो आणि आत अडकलेले छोटे मासे किंवा क्रिल, म्हणजे कोळंबीसारखे छोटे प्राणी, गिळतो. निळ्या देवमाशाच्या तोंडात प्रत्येक बाजूला अशा तीनशेच्या आसपास पट्ट्या असतात.

दात होते आणि बलीन नव्हतं, मग त्याला बलीन देवमासा का म्हणायचं?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच आहे, आणि तो अगदी रास्त आहे.

प्राण्याचं नातं तो काय खातो यावरून ठरत नाही, अंगाच्या ठेवणीवरून ठरतं. देवमाशांच्या बाबतीत सगळ्यात बोलकी हाडं कवटीत सापडतात. वरच्या जबड्याचं मुख्य हाड, ज्याला मॅक्सिला म्हणतात, ते डोळ्याच्या खोबणीपाशी कुठे जातं एवढंच आधी पाहा. डॉल्फिन आणि स्पर्म देवमाशाच्या गटात हे हाड डोळ्याच्या वरून मागे सरकत कपाळावर पसरतं. त्याच्यावर चेहऱ्याचे स्नायू आणि आवाज घडवणारे अवयव बसलेले असतात. बलीन देवमाशांच्या गटात त्याच हाडाचा एक पातळ पत्रा डोळ्याच्या खोबणीखालून मागे जातो. जॅन्जुसीटसच्या कवटीत हा पत्रा डोळ्याखालीच आहे. शिवाय रुंद पसरलेला वरचा जबडा, कवटीच्या तळाची जाड हाडं आणि कवटीच्या मागच्या बाजूची, पुढे झुकलेली ढालीसारखी त्रिकोणी हाडाची पट्टी हेही सगळं बलीन देवमाशांकडेच बोट दाखवतं.

म्हणजे तोंडातले दात जुन्या पूर्वजांकडून आलेले होते आणि कवटीची घडण नव्या घराण्याची होती. दात हा सगळ्या देवमाशांचा सामायिक वारसा असल्यामुळे ते असणं हा कुठल्याही एका गटाचा पुरावा होऊ शकत नाही. नवं काय आलं, ते पाहावं लागतं. वंशवृक्ष मांडण्याचा हा नियम एकदा ध्यानात आला की जॅन्जुसीटसबद्दलचे निम्मे गोंधळ आपोआप मिटतात.

तो कुठे आणि कसा सापडला?

ऑस्ट्रेलियातल्या व्हिक्टोरिया राज्यात, मेलबर्नच्या नैऋत्येला टॉर्की नावाचं किनारी गाव आहे. त्याला लागूनच जॅन जक. हा सगळा पट्टा लाटांवर फळी घेऊन उतरणाऱ्या सर्फरांसाठी प्रसिद्ध आहे. १९९०च्या दशकाच्या उत्तरार्धात तिथल्याच एका किशोरवयीन सर्फरला किनाऱ्यावरच्या खडकात हाडं दिसली. प्रजातीच्या नावातलं ‘हंडरी’ त्याच्याच आडनावावरून आलं आहे. ‘जॅन्जु’ गावावरून आलं आणि ‘सीटस’ म्हणजे लॅटिनमध्ये देवमासा.

खडक मेलबर्नला आला, हाडं सोडवली गेली आणि २००६ साली एरिक फिट्झगेराल्ड यांनी ‘प्रोसीडिंग्ज ऑफ द रॉयल सोसायटी बी’ या नियतकालिकात या देवमाशाचं वर्णन प्रसिद्ध केलं. त्या वेळी ते मोनॅश विद्यापीठात पीएचडी करत होते. शोधनिबंधाच्या शीर्षकातच त्यांनी या प्राण्याला ‘विलक्षण’ म्हटलं होतं, आणि कवटी पाहिल्यावर तो शब्द अजिबात जास्त वाटत नाही. मूळ नमुना म्युझियम्स व्हिक्टोरिया या संस्थेच्या संग्रहात आहे.

त्या एका नमुन्यात जवळजवळ पूर्ण कवटी, खालचे जबडे, काही मणके, बरगड्या, खांद्याची हाडं आणि पुढच्या पायाचं, म्हणजे वल्ह्याचं, एक हाड मिळालं. ऑलिगोसीन काळातल्या, म्हणजे सुमारे ३ कोटी ४० लाख ते २ कोटी ३० लाख वर्षांपूर्वीच्या, देवमाशांचे जीवाश्म बहुधा तुकड्यातुकड्यांत येतात, कुठे कानाचं हाड, कुठे एखादा दात. एवढी शाबूत कवटी, तीही दात जागच्या जागी असलेली, हाती लागणं हे मोठंच भाग्य.

तो केवढा होता?

साधारण तीन ते साडेतीन मीटर लांब, म्हणजे आजच्या बॉटलनोज डॉल्फिनएवढा. कवटीच्या रुंदीवरून शरीराच्या लांबीचा अंदाज बांधण्याची रीत देवमाशांच्या अभ्यासात रूढ आहे आणि हा आकडा त्यातूनच आलेला आहे. निळा देवमासा तीस मीटरच्या घरात जातो. पण बलीन देवमाशांचं ते अवाढव्य रूप फार अलीकडचं, गेल्या चाळीस-पन्नास लाख वर्षांतलं आहे.

तो डायनासोरच्या काळातला होता का?

नाही. पक्षी सोडून बाकी डायनासोर ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी संपले. जॅन्जुसीटस त्यानंतर चार कोटी वर्षांनी आला.

तेव्हाचा समुद्र कसा होता?

याचं उत्तर थोडं मागे जाऊन द्यावं लागतं, कारण बलीन देवमाशांची कथा आणि दक्षिण महासागराची कथा एकमेकींत गुंतलेल्या आहेत.

एकेकाळी ऑस्ट्रेलिया, अंटार्क्टिका आणि दक्षिण अमेरिका एकमेकांना चिकटून होते. ते हळूहळू दूर गेले. ऑस्ट्रेलिया उत्तरेला सरकला, टास्मानियाच्या दक्षिणेला खोल पाण्याची वाट मोकळी झाली, आणि पुढे दक्षिण अमेरिकेच्या टोकाशी ड्रेक सामुद्रधुनी उघडली. साधारण ३ कोटी ४० लाख वर्षांपूर्वी पृथ्वी झपाट्याने थंड झाली आणि अंटार्क्टिकावर बर्फाची मोठी चादर बसली. अंटार्क्टिकाभोवती अखंड फिरणारा सागरी प्रवाह हळूहळू आकाराला आला. अशा प्रवाहांमुळे खोल पाण्यातली पोषकद्रव्यं वर येतात, प्लवकांचं, म्हणजे पाण्यात तरंगणाऱ्या सूक्ष्म जीवांचं, पीक येतं आणि त्याच्या आधाराने समुद्रातली सगळी अन्नसाखळी बदलते.

जॅन्जुसीटस हा या बदलानंतरच्या समुद्रातला रहिवासी. तो खडकांच्या ज्या थरांत सापडला त्यांना जॅन जक संचच म्हणतात. उथळ समुद्राच्या तळाशी साचलेला चुनखडीयुक्त चिखल आणि मार्ल (चुना व चिकणमातीचा मऊ खडक) यांचे हे थर आहेत. शंखशिंपले, शार्कचे दात आणि देवमाशांची हाडं त्यांतून आजही निघत असतात. ऑस्ट्रेलियातल्या भूवैज्ञानिक कालगणनेत तर ‘जॅनजुकियन’ नावाचा एक टप्पाच या ठिकाणावरून ओळखला जातो.

तो काय खायचा?

मासे आणि त्याच्या आवाक्यात येणारे इतर प्राणी, तेही एकेक पकडून.

त्याचे दात जवळून पाहिले की शंका उरत नाही. पुढचे दात एकाच टोकाचे, पकडायला योग्य. मागच्या दाढा त्रिकोणी आणि दोन मुळांच्या. मधलं टोक मोठं आणि त्याच्या पुढे-मागे उतरत्या क्रमाने छोटी टोकं, त्यामुळे कड करवतीसारखी दिसते. एनॅमलवर, म्हणजे दाताच्या कठीण आवरणावर, उभ्या रेषा उठून दिसतात. कवटीच्या बाजूंना जबडा मिटणाऱ्या स्नायूंसाठी भरपूर मोठी पोकळी आहे, म्हणजे चावा जोरकस होता. त्यात मोठे डोळे. हे सगळं एकत्र ठेवलं की दिसतो तो नजरेच्या जोरावर पाठलाग करणारा, भक्ष्य पकडणारा आणि कापणारा शिकारी. आजच्या प्राण्यांपैकी अंटार्क्टिकातल्या लेपर्ड सीलशी त्याची तुलना अनेकदा केली जाते.

तोंड आखूड असल्यामुळे तो जीभ झटकन मागे ओढून भक्ष्य पाण्यासकट आत खेचतही असावा. चावणं आणि खेचणं या दोन गोष्टी एकमेकींच्या आड येत नाहीत. आजचे कित्येक सील दोन्ही करतात.

पण त्या दातांच्या फटींतून तो पाणी गाळत नसेल कशावरून?

हा प्रश्न आला की लेपर्ड सीलचं आणखी एक उदाहरण हमखास दिलं जातं. तो मोठी शिकारही करतो आणि मागच्या गुंतागुंतीच्या दाढांनी क्रिलही गाळतो. क्रॅबईटर सील तर जवळजवळ पूर्णपणे क्रिलवर जगतो आणि त्याच्या दाढांची टोकं एकमेकांत अडकून उत्तम जाळी तयार होते. मग दातांच्या देवमाशांनीही असंच केलं असेल आणि पुढे दातांची जागा बलीनने घेतली असेल, असा तर्क बरीच वर्षं पाठ्यपुस्तकांतही होता. सोपा आणि सुटसुटीत.

२०१७ साली डेव्हिड हॉकिंग, फेलिक्स मार्क्स, फिट्झगेराल्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या तर्काला थेट मोजपट्टी लावली. जॅन्जुसीटससारख्या प्राचीन देवमाशांच्या दातांचे त्रिमितीय साचे घेऊन त्यांच्या कडा किती धारदार आहेत हे मोजलं आणि ते आकडे आजच्या सीलच्या व जमिनीवरच्या मांसभक्षकांच्या दातांशी ताडून पाहिले. दात फक्त गाळण्यासाठी असतील तर त्यांना धार असण्याचं कारण नाही. गाळणाऱ्या सीलच्या दातांच्या कडा खरोखरच बोथट निघाल्या. प्राचीन देवमाशांच्या दातांच्या कडा मात्र जमिनीवरच्या शिकाऱ्यांच्या तोडीच्या धारदार होत्या. धार लावून ठेवलेल्या दातांनी कुणी गाळण्याचं काम करत नाही, हा त्यांचा निष्कर्ष मला तरी पटतो.

विरुद्ध बाजूही सांगायला हवी. अमेरिकेतल्या साउथ कॅरोलायनात सापडलेला कोरोनोडॉन हा सुमारे तीन कोटी वर्षांपूर्वीचा दातांचा बलीन देवमासा त्याच वर्षी प्रकाशात आला. त्याच्या मोठाल्या दाढा एकमेकींवर चढलेल्या आहेत आणि त्यांच्यामधल्या फटींतून पाणी बाहेर पडत असावं, असं त्याचं वर्णन करणाऱ्या जोनाथन गाइस्लर आणि सहकाऱ्यांचं म्हणणं आहे. कोरोनोडॉनबद्दल वाद चालू राहील. जॅन्जुसीटसच्या दाढा तशा नाहीत.

बलीन जीवाश्मात टिकत नाही. मग जॅन्जुसीटसला ते नव्हतंच, असं ठामपणे कसं म्हणता येतं?

बलीन क्वचितच टिकतं, हे बरोबर. पण त्याला रक्तपुरवठा लागतो. आजच्या बलीन देवमाशांच्या टाळूच्या हाडात रक्तवाहिन्यांसाठी छिद्रं असतात आणि त्यांच्यापासून निघणाऱ्या पन्हळी कडेकडे पसरलेल्या दिसतात. जॅन्जुसीटसच्या टाळूवर असं काही नाही. शिवाय त्याच्या वरच्या जबड्याच्या कडेला दात इतके गच्च बसले आहेत की पट्ट्यांची रांग लावायला जागाच नाही.

दुसरा धागा जबड्याच्या हनुवटीचा आहे. आजच्या बलीन देवमाशांच्या खालच्या जबड्याचे दोन अर्धे हनुवटीपाशी हाडाने जोडलेले नसतात. तिथे मऊ, लवचीक जोड असतो. त्यामुळे ते अर्धे स्वतंत्रपणे वळू शकतात आणि तोंडाचा घेर प्रचंड वाढतो. २०१२ साली फिट्झगेराल्ड यांनी जॅन्जुसीटसची हनुवटी तपासली तेव्हा तिथे लांबलचक आणि घट्ट हाडाचा सांधा आढळला, अगदी त्याहून जुन्या आद्य देवमाशांसारखा. म्हणजे तोंडात प्रचंड पाणी भरून घेण्याची सोयच त्याच्याकडे नव्हती.

आणि तरी वरचा जबडा रुंद आहे! ही गोष्ट मला या सगळ्या हाडांमध्ये सगळ्यात मोलाची वाटते. बलीन देवमाशांचं रुंद तोंड गाळण्यासाठीच रुंद झालं असं आपण गृहीत धरलं होतं. इथे रुंदी आधी आलेली दिसते, गाळणं नंतर. रुंद तोंडाचा पहिला उपयोग बहुधा भक्ष्य खेचून घेण्यासाठी होता आणि पुढे तेच तोंड दुसऱ्याच कामाला आलं.

मग बलीन आलं कधी आणि कसं?

यावर आज तीन मतं आहेत.

पहिलं मत वर आलंच, आधी दातांनी गाळणं आणि मग बलीन. दुसरं मत असं की काही काळ दात आणि बलीन एकाच तोंडात नांदत होते. त्याचा आधार एटिओसीटस नावाचा उत्तर पॅसिफिकमधला छोटा देवमासा. २००८ साली थॉमस डेमेरे आणि सहकाऱ्यांनी त्याच्या टाळूवर दातांच्या आतल्या बाजूला बारीक छिद्रं आणि पन्हळी दाखवून दिल्या आणि तिथे सुरुवातीचं बलीन असावं असं मांडलं. पण २०२२ साली कार्लोस पेरेडो आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की टाळूच्या कडेची अशी छिद्रं बलीन नसलेल्या इतर सस्तन प्राण्यांतही असतात. त्यामुळे छिद्र दिसलं म्हणजे बलीन होतंच, असं म्हणता येत नाही.

तिसरं मत असं की मधल्या टप्प्यावर खेचून खाणं प्रमुख झालं. त्यात दातांची गरज कमी होत गेली, दात गेले, आणि बलीन त्यानंतर आलं. याच्या बाजूने दोन जीवाश्म बोलतात. एक म्हणजे ‘अल्फ्रेड’ या टोपणनावाने ओळखला जाणारा, अमेरिकेतल्या वॉशिंग्टन राज्यात सापडलेला एटिओसीटसचा नातेवाईक. त्याच्या दातांच्या आतल्या बाजूवर आडवे ओरखडे आहेत. जीभ मागे-पुढे होताना आत खेचलेल्या पाण्याबरोबर आलेला वाळूगाळ दातांवर घासला गेला की असेच ओरखडे उठतात. दुसरा म्हणजे ऑरेगॉनचा मायाबालेना, वय सुमारे ३ कोटी ३० लाख वर्षं, वर्णन २०१८ साली. त्याला दात नाहीत, आणि त्याचा टाळू अरुंद असल्यामुळे बलीनलाही जागा दिसत नाही.

माझा कल तिसऱ्या मताकडे आहे. त्यात प्रत्येक टप्प्यावर प्राण्याचं पोट कसं भरत होतं याचं सरळ उत्तर मिळतं. मात्र सगळ्या वंशांनी एकच वाट धरली असेल, असं समजायचं कारण नाही.

म्हणजे आजचे देवमासे जॅन्जुसीटसपासून झाले का?

नाही, आणि हा गैरसमज मुद्दाम खोडून काढायला हवा. चित्रांत बऱ्याचदा एका रांगेत आधी जमिनीवरचा पाकिसीटस, मग बॅसिलोसॉरस, मग जॅन्जुसीटस, मग निळा देवमासा असे उभे केलेले असतात. पाहणाऱ्याला वाटतं, पायरी-पायरीने चढत आलो.

काळाचा हिशेब पाहा. आजवर माहीत असलेल्या सगळ्यात जुन्या बलीन देवमाशांपैकी एक मिस्टाकोडॉन. तो पेरूमध्ये सापडला आणि त्याचं वय ३ कोटी ६० लाख वर्षांच्या पुढे आहे. अंटार्क्टिकाजवळच्या सीमोर बेटावरचा लानोसीटस ३ कोटी ४० लाख वर्षांपूर्वीचा. इवान फोर्डाइस आणि फेलिक्स मार्क्स यांनी २०१८ साली दाखवलं की त्याची लांबी आठ मीटरच्या आसपास होती, तीही बलीन नसताना. आणि बलीनने गाळणारे, दात जवळपास हरवलेले इओमिस्टिसीटससारखे देवमासेही जॅन्जुसीटसच्या आधीच समुद्रात आलेले होते. म्हणजे जॅन्जुसीटस जगत होता तेव्हा त्याचे गाळून खाणारे चुलतभाऊ त्याच काळात पोहत होते.

तो पायरी नव्हता. तो एका वेगळ्या फांदीचा प्रतिनिधी होता, आणि ती फांदी स्वतःच्या पद्धतीने लाखो वर्षं नीट जगली. त्याला ‘अर्धवट देवमासा’ म्हणणं हा त्याच्यावर अन्याय आहे. तो पूर्ण होता, फक्त आजच्या देवमाशांपेक्षा निराळा. आपल्याला त्याचं महत्त्व असं की त्याच्या फांदीने जुनी ठेवण बरीच जपली. म्हणून सगळ्या बलीन देवमाशांचा समान पूर्वज कसा असेल, याची कल्पना त्याच्या कवटीवरून करता येते.

आजच्या बलीन देवमाशांत दातांची काही खूण उरली आहे का?

आहे, आणि ती दोन ठिकाणी सापडते.

एक म्हणजे गर्भात. बलीन देवमाशाच्या गर्भाच्या जबड्यात दातांच्या कळ्या तयार होतात आणि जन्माच्या कितीतरी आधी विरून जातात. फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ एतिएन जॉफ्रॉय सेंट-हिलेर यांनी १८०७ सालीच हे नोंदवलं होतं, उत्क्रांतीचा सिद्धान्त मांडला जाण्याच्या कितीतरी आधी.

दुसरी खूण जनुकांत. एनॅमल घडवणारी जनुकं बलीन देवमाशांच्या पेशींत अजून आहेत, पण मोडलेल्या अवस्थेत. २०११ साली रॉबर्ट मेरेडिथ आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की एनॅमल घडवण्यासाठी आवश्यक असलेलं एमएमपी२० हे जनुक आजच्या सगळ्या बलीन देवमाशांच्या समान पूर्वजातच निकामी झालं होतं. सगळ्यांच्यात बिघाड एकाच जागी, एकाच तऱ्हेचा. खडकातला पुरावा आणि पेशीतला पुरावा इतके चपखल जुळताना पाहणं यासारखा आनंद नाही.

त्याला ऐकू कसं यायचं? डॉल्फिनसारखा प्रतिध्वनीचा वापर करायचा का?

नाही. प्रतिध्वनीने शिकार शोधणं ही दुसऱ्या गटाची कला, आणि तिच्यासाठी लागणारी चेहऱ्याची रचना जॅन्जुसीटसकडे नाही. त्याचा भरवसा डोळ्यांवर होता. कानांबद्दल सांगायचं तर २०१७ साली ट्रॅव्हिस पार्क आणि सहकाऱ्यांनी प्राचीन बलीन देवमाशांच्या अंतर्कर्णाचा अभ्यास केला. खालच्या पट्टीतले आवाज टिपण्याची क्षमता या घराण्यात अवाढव्य आकाराच्या आणि बलीनच्याही आधी आलेली आहे, असं त्यातून दिसलं.

त्याचे जवळचे नातेवाईक कोण?

सुरुवातीला त्याच्यासाठी स्वतंत्र कुळ मांडलं होतं. आता तो मॅमलोडॉन या देवमाशाबरोबर एकाच कुळात, मॅमलोडॉन्टिडीमध्ये, गणला जातो.

मॅमलोडॉन कॉलिवेरी हा त्याच किनाऱ्यावरचा. टॉर्कीजवळच्या बर्ड रॉक इथे तो १९३२ साली सापडला आणि १९३९ साली जॉर्ज प्रिचर्ड यांनी त्याचं वर्णन केलं. त्याला वंशवृक्षावर कुठे बसवायचं हे कोडं पुढे कित्येक दशकं सुटलं नव्हतं. त्याचं तोंड जॅन्जुसीटसपेक्षाही बोथट आणि दात खूप झिजलेले. तो बहुधा तळाशी जाऊन वाळूतलं भक्ष्य खेचून खात असावा. न्यूझीलंडमधून मॅमलोडॉनची दुसरी प्रजाती २०१६ साली नोंदली गेली.

आणि ऑगस्ट २०२५ मध्ये या घराण्यात आणखी एकाची भर पडली, जॅन्जुसीटस डुलार्डी. पुन्हा जॅन जकच. २०१९ साली तिथल्या एका शाळेच्या मुख्याध्यापकांना किनाऱ्यावर हा जीवाश्म दिसला आणि त्यांच्या आडनावावरून प्रजातीला नाव मिळालं. रुअरी डंकन, फिट्झगेराल्ड आणि सहकाऱ्यांनी त्याचं वर्णन केलं. वय सुमारे २ कोटी ६० लाख वर्षं. हा प्राणी पूर्ण वाढलेला नव्हता आणि लांबी दोन मीटरच्या थोडी वर, म्हणजे आजवरच्या सगळ्यात छोट्या बलीन देवमाशांपैकी एक. कवटीचा काही भाग, दात आणि कानाची हाडं त्यात टिकली आहेत. या कुळात दात आणि अंतर्कर्ण एकाच प्राण्याचे इतके तपशीलवार मिळण्याची ही पहिलीच वेळ.

त्याची शिकार कोण करत असेल?

जॅन जकच्याच थरांनी याचं उत्तर दिलं आहे. तिथे एका हौशी जीवाश्म-शोधकाला एका मोठ्या खडकातून शार्कचा दात डोकावताना दिसला, आणि पुढे त्याच जागी चाळीसहून जास्त दात मिळाले. २०१८ साली म्युझियम्स व्हिक्टोरियाने ते जाहीर केले. हा शार्क म्हणजे अँगस्टिडेन्स, मेगालोडॉन या नामशेष महाकाय शार्कच्या घराण्यातला जुना पूर्वज, लांबी नऊ मीटरच्या पुढे. त्याचे बरेचसे दात एकाच प्राण्याचे होते, ही फार दुर्मीळ गोष्ट, कारण शार्कचे दात आयुष्यभर गळत असतात आणि बहुतेक वेळा सुटे सापडतात. त्यांच्याबरोबर सिक्सगिल शार्कचे छोटे दातही मिळाले. मेलेल्या महाकाय शार्कचे लचके तोडायला आलेल्यांचे ते असावेत.

तीन मीटरचा देवमासा अशा शार्कच्या तोंडी सहज लागला असता. एकाच किनाऱ्यावर, त्याच खडकांत शिकारी आणि त्याची संभाव्य शिकार दोघांचे अवशेष मिळावेत, यामुळे या जागेचं मोल आणखी वाढतं.

तो नष्ट का झाला?

ऑलिगोसीन काळ सुमारे २ कोटी ३० लाख वर्षांपूर्वी संपला आणि त्याच्या आसपास दात असलेले बलीन देवमासे जीवाश्मांमधून दिसेनासे होतात. त्यानंतर साधारण पन्नास लाख वर्षांचा काळ असा आहे की त्यातले बलीन देवमाशांचे जीवाश्म जगभरातच तुरळक आहेत. अभ्यासक त्याला ‘अंधारयुग’ म्हणतात. ते सरल्यावर दिसतात ते फक्त बलीनवाले.

कारणांबाबत एकच दोषी शोधण्यात अर्थ नाही. एकेक मासा पकडून खाणाऱ्यांना प्रतिध्वनीच्या जोरावर शिकार करणारे डॉल्फिनच्या गटातले देवमासे तोडीस तोड ठरले असणार, आणि त्याच सुमारास सीलचे पूर्वजही उत्तरेकडच्या समुद्रात उतरत होते. दुसरीकडे प्लवकांनी भरलेल्या पाण्यात गाळून खाणाऱ्यांना अन्नाचा असा साठा मिळाला ज्यासाठी त्यांच्याशी फारसं कुणी भांडत नव्हतं.

तिथे अजून काही सापडण्याची शक्यता आहे का? कुणाला असं हाड दिसलं तर काय करावं?

नक्कीच आहे. लाटा कडा खात राहतात आणि प्रत्येक वादळानंतर नवा खडक उघडा पडतो. वर आलेल्या नावांपैकी जॅन्जुसीटस हंडरी, डुलार्डी आणि तो महाकाय शार्क, तिन्ही किनाऱ्यावर फिरणाऱ्या सामान्य माणसांच्या नजरेला आधी पडले. अभ्यासक नंतर आले.

जगात कुठल्याही किनाऱ्यावर असं काही दिसलं तर ते उकरून काढायची घाई करू नये. शेजारी एखादी ओळखीची वस्तू मापासाठी ठेवून चारी बाजूंनी फोटो घ्यावेत, त्यात आजूबाजूचा खडकही येऊ द्यावा, फोनवरून जागेची अचूक नोंद करावी आणि जवळच्या नैसर्गिक इतिहास संग्रहालयाला किंवा विद्यापीठाच्या भूविज्ञान विभागाला कळवावं. हाड कुठल्या थरातून आलं हे माहीत असेल तरच त्याचं वय ठरवता येतं. तो थर कळला नाही तर सुंदर कवटीसुद्धा वंशवृक्षावर नेमकी कुठे बसते हे सांगणं अवघड होऊन बसतं. भरती जवळ आली असेल आणि खडक वाहून जाण्याची भीती असेल तर तसं फोनवर स्पष्ट सांगावं, म्हणजे मंडळी त्याच दिवशी निघतात.